सेगुंदोच्या चार विधवा

"दहा मिनिटं! दहा मिनिटांत याला सरळ करते आणि हे उपचारांचं लचांड कायमचं बंद!" एकतीस डिसेंबरच्या दुपारी ऑरिस्तेलाने कंबरेवर हात ठेवून जाहीर केलं. ऐकायला घरात फक्त तिचा नवरा सेगुंदो होता, आणि त्याच्या अंगात लाकडाचा भुसा भरलेला होता.

खरा सेगुंदो जाऊन दीड वर्ष झालं होतं. टीव्हीची अँटेना फिरवायला पत्र्यावर चढला, आणि शिडीने उतरायचं सोडून सरळ खाली आला. फुटबॉलची मॅच बघायची होती मेल्याला, असं ऑरिस्तेला सगळ्यांना सांगायची. मयताला अख्खं मोन्तेक्रिस्ती गाव लोटलं आणि पोटभर रडलं. ऑरिस्तेला रडली नाही. तिने दोनशे माणसांना कॉफी दिली, शवपेटीची कडी ढिली बसवली म्हणून सुताराला सगळ्यांदेखत झापलं आणि घरी येऊन भांडी घासली. काळे कपडे तेवढे चढवले, ते आजतागायत उतरवले नव्हते.

गावाने हे बरोबर बघून ठेवलं. लोकांना दुसऱ्याच्या डोळ्यांतलं पाणी मोजायची भारी हौस! आधी आपल्या नळाला येतं का ते बघावं! तिची थोरली नणंद क्लोतिल्दे तर बाजारात, चर्चमध्ये, जिथे चार कान भेटतील तिथे सांगायची, "माझ्या भावासाठी हिच्या डोळ्यातून टिपूस नाही आलं हो! टिपूस!" आणि त्याला जोडूनच, "असल्या बाईकडे माझ्या भावाची हॅट कशाला? ती आमच्या घरी यायला हवी."

खरं भांडण होतं ते या हॅटचं. ऑरिस्तेलाने ती स्वतः विणली होती. सुतासारखं बारीक गवत, उन्हात तडकतं म्हणून फक्त पहाटे आणि तिन्हीसांजेला हातात घ्यायचं, असे पाच महिने. वीण इतकी घट्ट की आत तांब्याभर पाणी ओतलं तरी थेंब गळायचा नाही. व्यापारी दारात येऊन बसायचे, पण तिने विकली नाही. तिने आयुष्यभर परक्या डोक्यांसाठी हॅटा विणल्या, आपल्या माणसासाठी ही एकच. सेगुंदोने ती उणीपुरी सहा वेळा घातली असेल. म्हणायचा, "मळेल गं."

आता हे उपचारांचं लचांड कुठून आलं? एका संध्याकाळी ऑरिस्तेलाने टीव्हीवर अख्खी पपई फेकून मारली. रक्तदाब चढला म्हणून आरोग्य केंद्रात गेली, तर डॉक्टर म्हणाले, "गोळ्या संपल्यात. गुरुवारी चित्रकला आहे, तिथे बसा."

चित्रकलेच्या बाई होत्या पालोमा. वय सव्वीस, चिली देशातून नुकत्याच आलेल्या, आवाज असा की भाजी घ्यायला गेल्या तर भाजीवालीला ऐकू जाऊ नये. मन दुखावलेल्या माणसांनी रंगांतून, मातीतून मोकळं व्हायचं, असं त्यांचं शास्त्र. पहिल्या गुरुवारी म्हणाल्या, "आपलं दुःख काढा." ऑरिस्तेलाने कोंबडी काढली.

"किती सुंदर! काय म्हणतेय ही कोंबडी?"

"म्हणतेय, तेल तापलं का?"

"आणि तुम्हाला कसं वाटतंय, ऑरिस्तेलाताई?"

"भूक लागलीय."

दर गुरुवारी हाच प्रश्न आणि हेच उत्तर. भूक कसली लागतेय! दीड वर्षात तिला अन्नाची चवच कळत नव्हती. पण हे त्या पोरीला कशाला सांगा? शेवटी पालोमाबाईंनी हुकमी पान काढलं. गेलेल्या माणसाची बाहुली करायची, माणसाएवढी. त्याचेच कपडे, त्याचीच एखादी आवडती वस्तू. "घरी न्या, समोर बसवा आणि जे बोलायचं राहून गेलं ते बोला. एकतीस तारखेपर्यंत, म्हणजे नवीन वर्ष मोकळ्या मनाने सुरू होईल!"

वर्गातल्या बायकांनी एकमेकींकडे बघून ओठ दाबले. एकतीस तारखेला या गावात दारोदार भुशाचा म्हातारा बसतो. तो म्हणजे सरतं वर्ष, आणि रात्री बाराला त्याला काडी लावायची असते! त्या दिवशी बाहुली घरात कोण ठेवतं? पण बाई एवढ्या गोड की सांगायला कुणाची जीभ रेटेना.

तर असा हा सेगुंदो. चॉकलेटी कोट, कागदाच्या लगद्याचा चेहरा, रंगवलेली मिशी आणि डोक्यावर ती हॅट. ऑरिस्तेला युक्काच्या कंदाच्या पिठाच्या भाकऱ्या थापत होती. मळलेल्या हातानेच तिने घाम पुसला आणि सुरुवात केली.

"काय रे, बरं चाललंय ना तिकडे?"

सेगुंदो गप्प.

"चाळीस वर्षं असाच गप्प बसायचास! मी भिंतीशी बोलायचे, आणि तू मिशीत हसायचास!"

सेगुंदो मिशीत हसत होता. मिशी तिनेच तशी रंगवली होती. बस्स! ऑरिस्तेलाच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "हसतोस? मला इथे गावाच्या तोंडी देऊन हसतोस? चालता हो! आत्ताच्या आत्ता माझ्या घरातून चालता हो!" तिने त्याला खुर्चीसकट उचललं, दाराबाहेर आदळलं आणि दार लावून घेतलं.

दहा मिनिटांचं काम दीड मिनिटात झालं. समाधानाने तिने तीन भाकऱ्या थापल्या. चौथीला आठवलं. हॅट!

दार उघडलं तर खुर्ची होती, सेगुंदो नव्हता.

समोरची म्हातारी केळी सोलत बसली होती. "वरच्या आळीची पोरं घेऊन गेली. दारात ठेवलास, त्यांना वाटलं जाळायला दिलास. रिक्षातून नेला. छान दिसत होता गं, अगदी जिवंत!"

पाच महिन्यांची वीण, चाळीस वर्षांचा संसार, आणि रात्री त्याची राख! वर क्लोतिल्दे गावभर सांगणार, 'रडली तर नाहीच, माझ्या भावाची हॅटसुद्धा जाळली!' ऑरिस्तेलाने काळी ओढणी डोक्यावरून घेतली आणि पिठाच्या तोंडानेच निघाली.

कोपऱ्यावर पोलीस उभा होता. ती त्याच्यावर जवळजवळ आदळलीच.

"माझा नवरा पळवला!"

त्याने लगेच वही काढली. "कधी?"

"आत्ता! दारात बसला होता, तिथून!"

"वय?"

"एकसष्ट. म्हणजे, बनवलाय गेल्या गुरुवारी."

पोलिसाचं पेन थांबलं. "डोक्यावर काही परिणाम?"

"डोक्यात भुसा आहे."

"तो असतोच हो नवऱ्यांच्या. ओळखीची खूण सांगा."

"अहो, बाहुला आहे तो!"

त्याने वही मिटली. "बाई, आज गावात दोन हजार बाहुले बसलेत. दोन हजार तक्रारी लिहू?"

"हॅटवाला एकच आहे!" ऑरिस्तेला अशी ओरडली की पलीकडच्या दारातला बाहुला कलंडला.

पोलीस दोन पावलं मागे सरकला. "हॅटवाला होय? मघाशी गेला चौकाकडे. हात हलवत होता."

चौकात मान्ता शहराकडे जाणाऱ्या रस्त्यावर आडवा दोर बांधलेला, आणि दोराच्या पलीकडे गाड्यांची रांग. दोराजवळ लाकडी खोक्यावर सेगुंदो बसलेला. हॅट जागेवर होती! आणि त्याच्याभोवती तीन विधवा छाती पिटत होत्या. काळे झगे, सोनेरी टोप, झग्यात फुगे, पायांवर केसांचं जंगल. गल्लीतल्या बाप्यांनी विधवा व्हायचं, गाड्या अडवायच्या, सरत्या वर्षाच्या नावाने गळा काढायचा आणि चिल्लर घेतल्याशिवाय दोर सोडायचा नाही, ही इथली जुनी रीत. ऑरिस्तेला स्वतः दरवर्षी त्यांना हसत आली होती. पण दरवर्षी मेलेला माणूस तिचा नव्हता!

"अरे माझ्या राजा!" सर्वांत आडदांड विधवा सेगुंदोच्या गळ्यात पडली. हा यांद्री, वरच्या आळीचा रिक्षावाला. "मला पोटुशी ठेवून गेलास रे! आता माझ्या बारा लेकरांना कोण बघेल?"

"ए!" ऑरिस्तेला गर्दीत घुसली. "हात लावू नकोस त्याला! माझा नवरा आहे तो!"

टाळ्या पडल्या. लोकांना वाटलं, आणखी एक आली!

"वा रे वा!" यांद्री खूश. "कुठल्या आळीचा रे तू? सोंग एक नंबर! पावडर जरा जास्त झालीय, आणि मिशी नीट काढली नाहीस बघ!"

मिशी! तिने आयुष्यात वरच्या ओठाला वस्तरा लावला नव्हता, आणि हा केसाळ रेडा तिला...! "मेल्या, मी खरी आहे! खरी विधवा!"

"आम्ही काय खोट्या?" दुसरी विधवा खेकसली. "मी सकाळी सातपासून विधवा आहे! रांगेत ये!"

"टोप तरी बघू कसला आणलाय," म्हणत यांद्रीने तिचा अंबाडा धरून ओढला. अंबाडा हातात आला नाही. त्याने पुन्हा ओढला. अंबाड्याबरोबर ऑरिस्तेला आली, आणि तिच्याबरोबर एक थप्पड आली. यांद्रीचा फुगा फुटला.

"अयाई गं!" त्याच्या तोंडचं पाणी पळालं. "ऑरिस्तेलामावशी! मावशी, देवाशपथ, आम्हाला वाटलं तुम्ही बाहेर ठेवलात म्हणजे..."

त्याचं बोलणं कुणाला ऐकू गेलं नाही, कारण रांगेतल्या पहिल्या ट्रकवाल्याने भोंगा वाजवला. ट्रक माशांनी भरलेला, डोक्यावर ऊन, आणि त्यालाही घरी पोचायचं होतं. खिडकीतून अर्धा बाहेर येऊन तो गरजला, "त्या तिघी झकास! पण ही चौथी कसली भंगार विधवा! हिच्यासाठी एक पैसा देणार नाही! डोळ्यात टिपूस तरी आहे का हिच्या?"

"टिपूस?" ऑरिस्तेला गर्रकन वळली. "टिपूस पाहिजे? ह्याला विचार!" तिने सेगुंदोची कॉलर धरली. "सांग त्यांना! कुठे ठेवलंस माझं टिपूस? पत्र्यावर घेऊन चढलास ना? आणि म्हणे मॅच! कसली डोंबलाची मॅच! मॅच नव्हतीच! माझी मालिका होती, शेवटचा भाग!"

दीड वर्षात हे ती पहिल्यांदा बोलत होती.

"हा वरून विचारतोय, 'आता दिसतंय का?' आणि मी पपई खात, बुड न हलवता, आतून सांगतेय, 'अजून थोडं डावीकडे!' अरे, अँटेना डावीकडे, गाढवा! तू कशाला गेलास डावीकडे? चाळीस वर्षांत माझं एक ऐकलं नाहीस, आणि ऐकलंस ते नेमकं हे!"

तिने त्याला गदागदा हलवलं. भुसा उडाला. हॅट निसटून तिच्या हातात आली, आणि ऑरिस्तेलाने त्या हॅटमध्ये तोंड खुपसलं आणि रडली. साधंसुधं नाही! दीड वर्षाचं तुंबलेलं, हुंदक्यांचं, नाक वाहणारं, रस्त्यात बसकण मारून केलेलं रडणं. खोट्या विधवांनी आपापले टोप काढून छातीशी धरले.

आणि मग मागच्या गाड्यांनी टाळ्यांचा कडकडाट केला! शिट्ट्या, भोंगे! ट्रकवाला डोळे पुसत खाली उतरला आणि त्याने हाताएवढा मासा तिच्या मांडीवर ठेवला. "घे भावा! तीस वर्षं हा रस्ता मारतोय, अशी विधवा बघितली नाही! माझी आईसुद्धा एवढी रडली नव्हती!"

यांद्रीने तिला हात देऊन उठवलं. "मावशी... कसं वाटतंय?"

ऑरिस्तेलाने नाक ओढलं. "भूक लागलीय," ती म्हणाली, आणि तिचं तिलाच नवल वाटलं. खरंच लागली होती.

"बाहुला घरी आणून देऊ?"

तिने हॅट छातीशी धरली आणि सेगुंदोकडे पाहिलं. तो अजून मिशीत हसतच होता. "नको. जाळा रात्री. पण नीट जाळा, अर्धवट नको. आणि त्याला उजवीकडे बसवा. डावीकडे नेऊ नका."

तिन्हीसांजेला ती मासा तळत होती तेव्हा क्लोतिल्दे दार न वाजवता आत आली. पहिली नजर खुंटीवरच्या हॅटकडे. हात लावून पाहिला आणि किंचाळली.

"ओली! अगं, माझ्या भावाची हॅट आतून ओली! पाणी सांडलंस? काही किंमत आहे का तुला?"

"घट्ट वीण आहे. आत पडलेलं बाहेर येत नाही."

"उलट उत्तरं नकोत!" क्लोतिल्दे खुर्चीत बसली आणि ओढणीने वारा घेऊ लागली. "आज चौकात बसमध्ये अडकले होते मी, रांगेत पार मागे. कुणी एक गडी विधवा झाला होता म्हणे. काय रडला गं! तोंड दिसलं नाही, नुसता आवाज. पण माझ्या काळजाचं पाणी पाणी झालं. मला माझा सेगुंदो आठवला, बसमध्ये ओक्साबोक्शी रडले बघ." तिने पुन्हा डोळे टिपले. मग वहिनीकडे बघितलं, आणि डोळे तिथल्या तिथे कोरडे झाले. "एक परका बाप्या एवढा रडू शकतो, आणि तू सख्खी बायको! त्याचा पत्ता काढ आणि शिकवणी लाव त्याच्याकडे!"

ऑरिस्तेलाच्या हातातला झारा हवेत थांबला. कान तापले, नाकपुड्या फुलल्या. सगळं सांगून टाकावं म्हणून तिने तोंड उघडलं. पण सांगितलं तर क्लोतिल्दे विश्वास ठेवणार नाही, आणि ठेवला तर उद्या गावभर सांगणार, वहिनी भर रस्त्यात पैशासाठी रडली!

"सांगीन त्याला," ती म्हणाली, आणि माशाचं डोकं तेवढं नणंदेच्या ताटात वाढलं.