सरासरीइतके ऊन

माणूस उन्हाने आजारी पडत नाही. सरासरीपेक्षा जास्त उन्हाने पडतो. हे तत्त्व एकदा मान्य केले, की आरोग्याचा प्रश्न डॉक्टरांच्या हातून गणिताकडे जातो, आणि गणितात निदान कोणी कण्हत तरी नाही.

वेधशाळेच्या सांख्यिकी शाखेत नव्याने लागलेल्या कनिष्ठ सहायक मुलीला हे पहिल्याच आठवड्यात कळले. ती विज्ञानाची पदवीधर होती. दशांशचिन्हानंतर दोन आकडे लिहिल्याशिवाय तिला चैन पडत नसे. तिचे टेबल खिडकीपाशी होते आणि काचेला निळा कागद चिकटवला होता (बाहेरचे ऊन कर्मचाऱ्यांना गार दिसावे म्हणून). तिचे काम एका वजाबाकीचे: त्या दिवशीच्या अपेक्षित कमाल तापमानातून सरासरी वजा करायची आणि उत्तर सकाळी नऊच्या आत दारावरच्या फलकावर लिहायचे. उत्तर पाच किंवा त्याहून जास्त आले, तर नियमानुसार उघड्यावरची कामे दुपारी बारा ते चार बंद.

तिचा दादा रस्त्यावर डांबर पसरणाऱ्या टोळीत होता. डांबर दीडशे अंशांचे असते, तेव्हा वरचे चाळीस-बेचाळीस काय मोजायचे, असे कंत्राटदाराचे मत होते. नियमापुढे मात्र त्याचे काही चालत नसे. थोडक्यात, दादाच्या दुपारच्या झोपेची किल्ली धाकट्या बहिणीच्या हाती होती आणि आई हे शेजारीपाजारी अभिमानाने सांगे.

सरासरी त्या वेळी मागच्या तीस वर्षांची धरत. मागच्या हंगामात या हिशेबाने सव्वीस दुपारी काम थांबले. रस्ते रखडले, मोटारवाल्यांनी पत्रांवर पत्रे लिहिली आणि मोठ्या साहेबांनी बैठक बोलावली.

साहेबांचा अभ्यास दांडगा होता. त्यांनी सांगितले, की मागच्या हिमयुगात पृथ्वी आजच्यापेक्षा सरासरी पाच-सहा अंशांनीच थंड होती. म्हणजे पाच अंशांत बर्फाचे डोंगर येतात आणि जातात. अशा क्षुल्लक फरकासाठी दुपारची सुट्टी देणे शास्त्राला धरून आहे का? (सगळ्यांनी नाही म्हटले. शास्त्राची बाजू घ्यायला कोणी हजर नव्हते.)

मुलीचा घात केला तो तिच्या हुशारीने. ती उभी राहिली आणि म्हणाली, की हवामान झपाट्याने बदलते आहे, तीस वर्षांची सरासरी त्याच्या मागून धापा टाकत येते. वाक्य अचूक होते. साहेबांनी ते दोनदा लिहून घेतले आणि तिलाच तक्ता करायला सांगितला. दहा वर्षांची सरासरी धरली, तर सव्वीसच्या जागी अकरा दुपारी. तीन वर्षांची धरली, तर चार. आणि केवळ तक्ता परिपूर्ण व्हावा म्हणून तिने तळटीप जोडली: मागच्या पंधरा दिवसांची सरासरी धरल्यास, शून्य.

तळटिपेचे परिपत्रक झाले.

निकाल डोळे दिपवणारे होते. हंगामात एकही दिवस असामान्य ठरला नाही. पुढच्या शंभर वर्षांचा अंदाजही एका ओळीत तयार झाला: 'तापमान सरासरीइतके राहील.' मुलीला प्रशस्तिपत्र आणि टेबलावरचा पंखा मिळाला.

"काय गं," दादाने एकदा बूट काढता काढता विचारले, "तुमच्या ऑफिसात यंदा ऊन पडतच नाही का?"

तिने त्याला सरासरी समजावून सांगितली. त्याने शांतपणे ऐकली आणि पाय थंड पाण्याच्या बादलीत घातले.

त्यानंतर चौदाव्या दिवशी टोळीतल्या लोकांनी त्याला ट्रकच्या हौद्यात आडवा टाकून घरी आणला. अंगात एकशे पाच ताप. साहेबांना कळले तेव्हा त्यांनी आस्थेने चौकशी केली, की टोळीतल्या बाकीच्यांना ताप किती आहे. सरासरी काढल्याशिवाय घाबरून जाऊ नये.

तिसऱ्या दिवशी दादा पुन्हा निघाला. ती दारात आडवी उभी राहिली.

"दादा, आज जाऊ नकोस. डॉक्टरांनी सांगितलंय, पुन्हा असं झालं तर खैर नाही."

"मग तुझ्या फळ्यावर लिही की तसं," तो म्हणाला. "मी आपल्या मनानं घरी बसलो तर नाव कापतील. तू लिहिलंस तर अख्खी टोळी बसेल."

त्या दिवशी तिने कपाटातून वेधशाळेची पहिली नोंदवही काढली. पहिल्या तीस वर्षांची या महिन्याची सरासरी: ३४.१२. आजचे अपेक्षित तापमान: ४१.३०. परिपत्रक काही म्हणो, सरासरी कोणत्या वर्षांची, हे मूळ नियमात कुठेच लिहिलेले नव्हते. तिने फलकावर ७.१८ लिहिले, खडू ठेवला आणि हात धुतले.

बाराच्या ठोक्याला कामे थांबली. दादा रोलरच्या सावलीत टोपी तोंडावर ओढून झोपला. सात अंश वाचून गावात घबराट उडणार, म्हणून साहेबांनी दोन जादा माणसे फोनवर बसवली.

साडेतीनपर्यंत चारशे एकोणीस फोन आले. त्यांपैकी उन्हाविषयी सात (पाच जणांच्या मते आकडा चुकला होता, एकाला एसी कोणता घ्यावा ते विचारायचे होते, एक राँग नंबर). उरलेले चारशे बारा रस्त्याविषयी होते: अर्धा रस्ता खणलेला आहे, गाड्या तुंबल्या आहेत, काम का थांबले?

तुमचा फोन एक वाजून दहा मिनिटांनी आला. गाडीच्या काचा बंद असल्याने आवाज स्वच्छ होता. तुम्ही कोणाला वेडेवाकडे बोलला नाहीत. नियम मोडावा असेही म्हणाला नाहीत. "इथे एक धडधाकट माणूस भर दुपारी रोलरखाली झोपलाय," एवढेच तुम्ही सांगितले. "त्याला कोणी उठवणार आहे का?"

मुलीने तुमचे शब्द जसेच्या तसे टिपून घेतले. तिला दुसरे काही येत नव्हते. साडेतीनला साहेबांनी फलक स्वतः पुसला आणि पंधरा दिवसांच्या सरासरीने सुधारित आकडा लिहिला: उणे ०.२०. (म्हणजे किंचित गारवाच.)

तुमची तक्रार निकाली निघाली आहे. त्याला उठवले.