नागाबाईंच्या नावाची पावलं

हदगावच्या वैजनाथरावांच्या पत्नी नागाबाई यांचे दोन्ही गुडघे कामातून गेले होते. ही गोष्ट सगळ्या गल्लीला मान्य होती आणि नांदेडच्या हाडांच्या डॉक्टरांनाही मान्य होती. विमा कंपनीला ती अजून मान्य व्हायची होती. तोवर गुडघे दुखत असले तरी ते अधिकृतपणे दुखत नव्हते.

नागाबाईंची इच्छा काही मोठी नव्हती. गुडघे बदलून घ्यायचे आणि माहूरच्या रेणुकादेवीच्या पायऱ्या एकदा आपल्या पायांनी चढायच्या, एवढीच. वर न्यायला तिथे डोल्या असतात, पण ते त्यांना पसंत नव्हतं. “लोकांच्या खांद्यावर बसून जायाला म्या काय देवीची सासू हाय का?” असं त्या म्हणत. त्यामुळे कित्येक वर्षांत त्यांना दर्शन घडलं नव्हतं.

वैजनाथराव कॉलेजात हेडक्लार्क. कॉलेजाने सर्वांचा, घरच्यांसकट, ‘दीर्घकाया आरोग्य विमा कंपनी’त विमा उतरवला होता. ते कागदपत्रं घेऊन कंपनीच्या नांदेड शाखेत गेले. शाखाधिकारी शिवप्रसाद फार गोड माणूस होता.

“अभिनंदन वैजनाथराव, मंजूर झालं!”

“ऑपरेशन?”

“नाही, वजन.”

मग त्यांनी धोरण समजावलं. कंपनीच्या मते गुडघा हा आजार नसून वजनाचा परिणाम होता, तेव्हा उपचार आधी वजनावर. त्यासाठी ‘हलके व्हा’ नावाचं ॲप कंपनीने विम्यात घेतलं होतं. रोज चालायचं, जेवणाचा फोटो पाठवायचा, आठवड्याला वजन कळवायचं. कार्यक्रम यशस्वी झाला की ऑपरेशनचा सहानुभूतिपूर्वक विचार होणार होता.

“पण साहेब, तिला चालताच येत न्हाई. म्हणून तर ऑपरेशन!”

“म्हणून तर चालण्याचा कार्यक्रम दिलाय,” शिवप्रसाद समजुतीने म्हणाले. “ज्याला चालता येतं, त्याला आम्ही कशाला देऊ?”

वैजनाथरावांना हे त्या क्षणी पटलं. हदगावच्या बसमध्ये बसल्यावर ते पटेनासं झालं, पण तोवर बस सुटली होती.

नागाबाईंच्या मोबाईलमध्ये ॲप बसलं. पहिल्याच दिवशी त्यांच्या ज्वारीच्या भाकरीचा फोटो पाहून ते म्हणालं, ‘पिझ्झा आढळला. कृपया संयम राखा.’ पिठल्याला ते आंब्याचं आइस्क्रीम समजलं आणि फारच दुखावलं. चालणं तर शून्य. शेवटी एका सकाळी त्याने विचारलं, ‘आपली हालचाल आढळत नाही. आपण आहात ना?’ खाली दोन बटणं होती, होय आणि नाही.

“काय म्हणून राहिला त्यो?” नागाबाईंनी मेथी निवडता निवडता विचारलं.

“तू हायेस का, म्हणून विचारून राहिला.”

“हाय म्हणावं. पर बसलेली हाय.”

बसलेली, असं बटण नव्हतं.

आता इथे हदगावची एक रीत सांगायला हवी. हदगावातून माहूरला कुणी निघालं की त्याच्या पिशवीतून अख्ख्या गल्लीचे नारळ जातात. ज्याला जमत नाही त्याने नारळ द्यायचा, जाणाऱ्याने त्याच्या नावाने तो फोडायचा, आणि पुण्य ज्याचं त्याला पोचतं. गल्लीचे नारळ न्यायचं काम जीपवाल्या रिजवानकडे होतं. कुणाचा नारळ कुठला हे त्याला तोंडपाठ असे. माहूरला गेल्यावर तो सगळे नारळ सटवाजीच्या हवाली करायचा. सटवाजी हा नागाबाईंचा मावसभाऊ. तो तिथे डोली उचलत असे.

पौर्णिमेला रिजवान नारळ घ्यायला आला, तेव्हा वैजनाथराव नागाबाईंचा मोबाईल हातात धरून ओसरीवर येरझारा घालत होते आणि ॲप त्यांना ओळखून ‘चेहरा जुळत नाही’ म्हणत होतं.

“मावशी,” सगळी कथा ऐकून रिजवान म्हणाला, “नारळ तुमचा, हात माझे, पाय सटवाजीमामाचे. आन् पुण्य कोणाला? तुम्हाला! मग ह्या मोबाईलचंच घोडं कुठं पेंड खाऊन राहिलं? द्या इकडं. रोज सकाळी त्याला तुमचा फोटो दावू.”

“अरे, ही फसवणूक होईल,” वैजनाथराव हादरले.

“काका, देवी चालवून घेती. कंपनी देवीहून मोठी हाय का?”

नागाबाईंनी मोबाईलला हळदीकुंकू लावलं, खणात गुंडाळला आणि नारळाशेजारी ठेवला. असा तो मोबाईल माहूरला गेला आणि सटवाजीच्या खिशात राहू लागला.

मग जे सुरू झालं ते विचारू नका. सटवाजी दिवसभर तालेवार भक्तांना खांद्यावर घेऊन वर जायचा, खाली यायचा. ॲपला आनंदाचं भरतं आलं. ‘उत्तम!’ ‘अद्वितीय!’ ‘आपण माणूस आहात ना?’ असे निरोप पॉलिसीधारक म्हणून वैजनाथरावांच्या मोबाईलवर येऊन आदळू लागले. वजनाच्या फोटोत फक्त काटा आणि पावलं दिसायला हवी होती. सटवाजी वाण्याच्या काट्यावर उभा राहिला, आणि नागाबाई एका आठवड्यात निम्म्या झाल्या. याच वेगाने पुढच्या आठवड्यात त्या दिसेनाशा होणार होत्या. ॲपला त्यात वावगं वाटलं नाही. त्याने लिहिलं, ‘असंच चालू ठेवा.’

एके दुपारी पुण्याहून आरोग्य-मार्गदर्शक करिश्मा यांचा फोन गेला.

“नागाबाई मॅम, कसं वाटतंय?”

“लई जड हाय,” डोलीखालून सटवाजी म्हणाला. “वरी शेठ बसला हाय. खाली उतर म्हणलं तर उतरत न्हाई.”

करिश्मा यांनी नोंद केली: ‘चरबी घटल्याने घसा मोकळा, आवाज भरदार. मनावर कुणाचे तरी दडपण. समुपदेशन मंजूर.’

कार्यक्रम यशस्वी झाला. वैजनाथराव पेढे घेऊन नांदेडला गेले. शिवप्रसाद खुर्चीतून उठून उभे राहिले.

“तुमच्या मिसेस कंपनीचं भूषण आहेत!”

“मग ऑपरेशन कधी करायचं?”

“कशाचं?”

“गुडघ्याचं.”

“वैजनाथराव, जी बाई माहूरच्या पायऱ्या दिवसभर चढते-उतरते, तिचे गुडघे बदलायचे? अहो, तसे गुडघे आम्हाला मिळाले तर आम्ही बसवून घेऊ!”

वैजनाथरावांनी नारळापासून सटवाजीपर्यंत सगळं कबूल करून टाकलं. शिवप्रसादांनी शांतपणे पेढा संपवला.

“बाई मोबाईलबरोबर नव्हत्या म्हणालात, तर फसवणूक. पॉलिसी रद्द, ऑपरेशन नाही. होत्या म्हणालात, तर गुडघे ठणठणीत. ऑपरेशन नाही. काय लिहू?”

वैजनाथरावांनी उरलेल्या पेढ्यांचा पुडा बांधायला घेतला.

“मग सत्कार घ्या. माहूरलाच ठेवू.”

दरम्यान मुख्य कार्यालयाने ‘नागाबाई निकष’ लागू केला. साठीला टेकलेली, गुडघ्याची रुग्ण असलेली बाई एवढं चालते, तर इतरांना काय धाड भरली, असा साधा सवाल होता. गल्लीत याच कंपनीचा विमा असलेल्या खाजाभाईंच्या कमरेचा दावा त्याच निकषावर परत आला. सिद्धम्मांच्या दम्याचाही आला. गल्लीने डोकं चालवलं आणि रिजवानच्या जीपमधून टोपलीभर मोबाईल माहूरला निघाले. जागा उरली नाही म्हणून नारळ मागे राहिले. सटवाजीने ते सगळे मोबाईल कमरेला बांधले. त्याचा तो खुळखुळता अवतार पाहून परगावचे भक्त आधी त्याच्याच पाया पडत.

नातेवाइकांना नाही म्हणणं सटवाजीला कधी जमलं नाही. नागाबाईंइतकं चालून दाखवल्याशिवाय कुणाचाच दावा पुढे सरकेना, म्हणून तो उसंत न घेता चढत राहिला, आणि एक दिवस मधल्याच पायरीवर त्याचे गुडघे मोडले. डोलीवाल्यांचा विमा याच कंपनीने उतरवला होता. त्याने अर्ज केला. उत्तर आलं की त्याच्या स्वतःच्या नावावर एकही पाऊल जमा नाही; बैठी सवय सोडावी आणि नागाबाईंचा आदर्श ठेवावा.

सत्काराच्या दिवशी वरच्या पायरीजवळ मांडव उभा राहिला. नागाबाई रिजवानच्या जीपमधून खालपर्यंत आल्या, पहिल्या पायरीवर बसल्या आणि वर बघत राहिल्या. कर्ण्यातून पुकारा झाला, “आता नागाबाईंनी मंचावर धावत यावं!” त्यावर त्या आधी पोट धरून हसल्या. मग हसता हसता डोळे पुसू लागल्या.

“चल सटवाजी,” त्या म्हणाल्या, “बसते तुझ्या डोलीत. देवी सासू म्हणू दे, न्हाई तर काय बी म्हणू दे. एवढ्या जवळ आले, आता दर्शन घेते.”

सटवाजी शेजारीच गुडघ्याला फडकं बांधून बसला होता.

“अक्का, माझेच गेले की गं,” तो म्हणाला.

बाकीच्या डोल्या कंपनीच्या साहेबांना घेऊन वर गेल्या होत्या. कुणाचा इलाज चालेना. शेवटी रिजवानने नेहमीसारखे हात पुढे केले. नागाबाईंनी एका हातावर नारळ ठेवला, दुसऱ्यावर सटवाजीच्या कमरेचा आपला मोबाईल सोडवून ठेवला. वर शिवप्रसादांनी मोबाईलला शाल पांघरली, हार घातला, आणि त्याच्या चिकाटीवर सुंदर भाषण केलं. टाळ्या खालपर्यंत ऐकू आल्या. पायऱ्या चढून आलेला प्रत्येक जण टाळ्या वाजवत होता.

सकाळी तुमच्याही मोबाईलवर निरोप येत असेल, ‘आपल्या वयाच्या व्यक्ती आज आपल्या कितीतरी पुढे आहेत.’ तुम्ही ओशाळता. उठून गच्चीवर फेऱ्या मारता, नाही तर बसल्या बसल्या मोबाईल धरलेलं मनगट हलवून घेता, आत्ताही हलवलंतच. हलवा, हलवा. फक्त जिला गाठायला तुम्ही निघाला आहात, ती बाई अजून पहिल्या पायरीवर बसून आहे, तेवढं लक्षात असू द्या.