मशीनमध्ये टाकलेला गळ

"अहो युनजूचे बाबा, हा शर्ट हुंगा जरा."

मानबोकने हुंगला. तळ्याकाठी गळ टाकून वाऱ्यात बसल्यामुळे त्याचं नाक पार चोंदलं होतं.

"मस्त आहे की!"

"मस्त? मेलेला मासा उशाला घेऊन झोपल्यासारखा वास मारतोय! तुमच्या त्या मासेमारीच्या कपड्यांनी नवं कोरं मशीन नासवलं." जोंगनिमने वॉशिंग मशीनचं गोल दार धाडकन लावलं. "मी ताईकडे चाललेय. संध्याकाळपर्यंत वास गेला नाही, तर तुमचा गळ बंद. कायमचा!"

निवृत्तीनंतर बिचाऱ्या मानबोकला दोनच सुखं उरली होती. गळ टाकायचा, आणि न लागलेल्या माशांच्या गोष्टी सांगायच्या. त्याने लेकीला फोन लावला.

"बाबा, ड्रममध्ये दोन वाट्या सिरका, म्हणजे व्हिनेगर, ओता आणि कडकडीत गरम पाण्यावर मशीन रिकामंच फिरवा."

"दोनच? तुझ्या आईचा राग बघता पुरेल का गं?"

मागच्या बाल्कनीत पाण्याच्या जुन्या बाटल्या ओळीने ठेवलेल्या. सगळ्यांत तपकिरीच काहीतरी. चिठ्ठी एकीवरही नाही, कारण जोंगनिम बाटली वासावरून ओळखायची. मानबोकनेही एक उघडून हुंगली. काही कळलं नाही. सिरकाच असणार, म्हणत त्याने अख्खी बाटली मशीनच्या पोटात रिकामी केली आणि बटण दाबलं.

सासूबाईंनी नामहे बेटावरून पाठवलेला, तीन वर्षं मुरलेला मांदेलीचा खारा रस होता तो. पुढच्या आठवड्यात घालायच्या किमचीच्या लोणच्यासाठी जोंगनिमने जिवापाड जपलेला.

मशीनने तो उकळला, घुसळला आणि चौदाव्या मजल्यावरून नळीत सोडला. नळी सगळ्यांच्या बाल्कनीतून खाली जायची. बाराव्यावरच्या बाळाने दूध सोडलं, नवव्यावर पियानो शिकणाऱ्या पोरीने सूर सोडला आणि खाली सायकलींपाशी भागातली यच्चयावत मांजरं जमली. दोन तर म्हणे पलीकडच्या गावाहून बसने आली.

छतातला भोंगा खरखरला. "इमारतीच्या कार्यालयातून सूचना. कुणी घरात मासळीचा रस उकळत असाल तर कृपा करून थांबवा. मांजरांमुळे फाटक लागत नाहीये."

"कोण असेल हा येडपट!" मानबोक मान हलवत हसला.

तेवढ्यात बेल वाजली. दारात खालच्या मजल्यावरची बेक आजी. नाक वर, हातात रिकामी वाटी.

"नामहेचा ना रे? चांगला मुरलेला?"

"काय आजी?"

"मांदेलीचा रस!"

"छे हो, मशीन धुवायला ओतलेला सिरका आहे तो."

"हा सिरका असेल तर मी नवी नवरी आहे!" आजीने बाटलीतला शेवटचा थेंब जिभेवर घेऊन डोळे मिटले. "अहाहा! आणि याने मशीन धुतलंस? आता बायको तुला धुणार!"

मानबोक मटकन खाली बसला. "माझा गळ गेला हो आजी!"

"रडू नको. खालची जाळी कधी साफ केली होतीस?"

"मशीनला जाळी असते?"

आजीने कपाळावर हात मारला आणि मशीनच्या पायथ्याचं छोटं झाकण उघडायला लावलं. भसकन घाण पाणी आलं, केसांचा गुंता आला, आणि मागोमाग फुगलेलं, बुळबुळीत काहीतरी बाहेर पडलं. माकळाचा, म्हणजे स्क्विडचा, पाय! टीव्हीवर मालिका बघत सुकं माकूळ चघळायचं आणि उरलेलं एप्रनच्या खिशात कोंबायचं, ही त्या घरात एकाच माणसाची सवय होती.

मग आजीने स्वतः हुंगून खरा सिरका शोधून दिला. मानबोकने जाळी घासली, दाराच्या रबराची घडी न् घडी पुसली आणि मशीन पुन्हा पुन्हा फिरवलं. "आता दार उघडंच ठेव," आजीने बजावलं. "त्यालाही श्वास लागतो."

संध्याकाळी जोंगनिमने आत डोकं घालून हुंगलं. "अगंबाई, गेला की! पण जिन्यात कसला घमघमाट सुटलाय? आणि आईची बाटली कुठाय?"

मानबोकने तो पाय ठेवलेली बशी पुढे केली. "आज मशीनमध्येच गळ टाकला, आमिष म्हणून आईंचा रस ओतला. हे लागलं."

जोंगनिमचे कान लाल झाले. मग ओठ थरथरले, आणि ती पोट धरून जमिनीवर बसून हसायला लागली.

"बरं बाई, जिंकलात! गळ चालू. पण किमचीला रस हवा. रविवारी नामहेला जा आणि आईकडून नवी बाटली आणा."

नामहे! चारी बाजूंनी समुद्र! मानबोकने मोठ्या कष्टाने चेहरा पाडला. "एवढ्या लांब?"

रविवारी लिफ्ट मजल्यामजल्यावर थांबली, आणि प्रत्येक दारात कुणी ना कुणी रिकामी बाटली घेऊन उभं. बेक आजीच्या तर दोन! गाडी बाटल्यांनीच भरली, गळाची काठी खिडकीतून बाहेर काढावी लागली. शेजारी जोंगनिम सुकं माकूळ चघळत ऐसपैस बसली होती.

बेटाचा पूल आला तेव्हा तिच्या हातात माकळाचा अर्धा पाय उरला होता. तिने हळूच नवऱ्याकडे पाहिलं आणि तो त्याच्या मासेमारीच्या जाकिटाच्या खिशात सरकवला. पुन्हा मशीनला वास आलाच, तर तो कुणाचा, ते आधीच ठरलेलं बरं!