अठरावी सूचना

शाळेच्या फोटोला दीड तास उरला होता आणि बाईंच्या केसांचा पुढचा भाग तेवढा सरळ झाला होता. मागचा होता तसाच कुरळा आणि आडमुठा. आरशात समोरून पाहिलं तर एक समजूतदार बाई दिसे, आणि मान वळवली की तिच्यामागे दुसरीच कोणी दडून बसल्यासारखी वाटे.

एरवी बाई असल्या भानगडीत पडणाऱ्या नव्हत्या. त्या शाळेत भाषा शिकवत आणि केस वेणीत कोंबून वेळेवर घराबाहेर पडत. पण गेल्या वर्षी शिक्षकांच्या फोटोसाठी त्यांनी हौसेनं केस मोकळे सोडले, आणि त्या केसांनी मागे उभ्या असलेल्या चित्रकलेच्या सरांना गिळून टाकलं. फोटोत सरांचा फक्त एक डोळा आला. तो डोळा वर्षभर मुख्याध्यापिकांच्या खोलीबाहेर टांगलेला होता. सर बिचारे काही बोलले नाहीत, पण शेवटी मुख्याध्यापिकांनीच "या वर्षी तेवढं केसांचं बघा" असं सुचवलं. मग भाचीनं केस सरळ करायचं नवं कोरं यंत्र आणून दिलं.

"अहो," बाईंनी हाक मारली, "मागचं मला दिसत नाहीये. तेवढं करून देता का?"

हाकेसरशी आले ते त्यांचे यजमान, सावधानराव. हे काही त्यांचं पाळण्यातलं नाव नव्हे. ते एका कचेरीत घरगुती यंत्रांची माहितीपत्रकं लिहीत. मिक्सर, इस्त्री, पंखा, पाण्याचा पंप, काहीही विकत घ्या, खोक्यात तळाशी जो घडी घातलेला कागद असतो तो त्यांच्या हातचा. प्रत्येक कागदाची सुरुवात 'सावधान!' अशी, म्हणून कचेरीतल्यांनी हे नाव ठेवलं, आणि पुढे पुढे दूधवालाही तेच म्हणू लागला.

बावीस वर्षं ते लिहीत होते आणि बावीस वर्षांत त्यांचं कोणी काही वाचलं नव्हतं. लोक यंत्र बाहेर काढत, कागद बाजूला टाकत आणि बटण दाबत. एकदा शेजाऱ्यांच्या चपलांच्या कपाटात त्यांना आपलं इस्त्रीचं पत्रक अंथरलेलं दिसलं, वर चिखलाचे बूट. त्या दिवशी ते जेवले नाहीत. पण खरं दुःख त्याहून जवळचं होतं. बाई रोज संध्याकाळी चाळीस पोरांचे निबंध लाल पेन घेऊन वाचत. काना, मात्रा, वेलांटी, काही सोडत नसत. ते बघताना सावधानरावांना वाटे, एकदा, निदान एकदा तरी ते लाल पेन आपल्या कागदावरून फिरावं. एकदा त्यांनी बाईंच्या चहाशेजारी एक पत्रक मुद्दाम विसरूनही पाहिलं होतं. बाईंनी त्यावर कप ठेवला. "दिवसभर वाचून डोळे दुखतात हो," त्या म्हणाल्या होत्या, "आणि इस्त्री कशी करायची ते मला येतं." दोन्ही गोष्टी खऱ्या असल्यामुळे तक्रारीलाही जागा नव्हती.

आता योगायोग बघा. भाचीनं आणलेल्या यंत्राचं पत्रकही सावधानरावांचंच होतं. दोन वर्षांपूर्वी त्यासाठी त्यांनी तीन दिवस आंघोळ करताना पुटपुटून एक शब्द घडवला होता, 'केशसरलक'. कंपनीच्या सतरा सूचना लिहून झाल्या तरी खाली दोन ओळींची जागा उरली. तेव्हा त्यांना लग्नानंतरची पहिली वर्षं आठवली. ते शाळा सुटायच्या वेळी फाटकाबाहेर उभे राहत, आणि शंभर डोक्यांच्या गर्दीतून बाईंचे कुरळे केस त्यांना लांबूनच दिसत. ते दिवस आठवून त्यांना भरून आलं आणि त्यांनी अठरावी सूचना आपल्या पदरची घालून टाकली. साहेबांनी सही केली, कंपनीनं छापलं. कोणीतरी विचारील, ही कुठून आली म्हणून, अशी वाट त्यांनी दोन वर्षं पाहिली. कोणी विचारलं नाही.

म्हणून खोक्यातला घडीबंद कागद पाहून त्यांच्या जिवात आशा पालवली. "हे जरा आधी वाचून बघतेस का?" ते शक्य तितक्या सहज आवाजात म्हणाले.

"वेळ कुठाय आता? तुम्हीच लिहिलंय ना? मग तुम्हाला येतच असेल."

आपलंच पत्रक आता तिच्यादेखत उघडून बघणं शोभलं नसतं. सावधानरावांनी खोकं बंद केलं आणि यंत्र हातात घेतलं. ते यंत्र त्यांच्या हातात आज पहिल्यांदाच येत होतं. पोहण्यावर पुस्तक लिहिलेल्या माणसाला पाण्यात ढकलावं, तसं त्यांचं झालं.

वेळ थोडा होता, म्हणून त्यांनी उष्णतेचा आकडा सगळ्यात मोठा लावला. केस फार होते, म्हणून बट मनगटाएवढी जाड घेतली. केस वरून कोरडे लागत होते, आतून सकाळच्या न्हाण्याचे ओले होते, पण आत कोण बघतो? त्यांनी बट चिमट्यात धरली तशी चर्रर्र आवाज झाला आणि वाफ उठली.

"हा कसला आवाज?"

"वाफ आहे. तिसऱ्या सूचनेत आहे ते."

"काय आहे तिसऱ्या सूचनेत?"

वाफेबद्दल काहीतरी आहे, एवढंच सावधानरावांना आठवत होतं. तेवढ्यात फोन वाजला. मुख्याध्यापिका होत्या. सावधानरावांनी डाव्या हातानं फोन बाईंच्या कानाला लावला आणि केस सुटू नयेत म्हणून उजव्या हातानं चिमटा घट्ट आवळून धरला. मुख्याध्यापिकांनी कोण कोणत्या रांगेत हे सविस्तर सांगितलं, चित्रकलेच्या सरांचा विषय निघाला, आणि बाईंनी त्यांना शब्द दिला की या वर्षी केसांचा कोणाला काही त्रास होणार नाही.

"कोणाचं तरी काहीतरी करपतंय," फोन बंद झाल्यावर बाई म्हणाल्या.

सावधानरावांनी चिमटा उघडला. बट खाली आली नाही, ती यंत्रातच राहिली. मानेच्या वर टूथब्रशएवढे खुंट तेवढे उरले होते. 'सुंभ जळला तरी पीळ जात नाही' ही म्हण बाई दरवर्षी वर्गात शिकवत. इथे सुंभ आणि पीळ दोन्ही जळून पट्टीला चिकटले होते.

त्यांनी घाबरून यंत्र हाताला येईल तिथे ठेवलं. तिथे नेमका निबंधाच्या वह्यांचा गठ्ठा होता. वरच्या वहीतली 'मी शाळेची घंटा बोलतेय' बोलता बोलता धुरकटू लागली. सावधानरावांनी झडप घालून यंत्र उचललं, ते तापलेल्या बाजूनं. बोट भाजलं. यंत्र दुसऱ्या हातात घेऊन, त्यावरचा दिवा विझला की नाही हे पाहायला ते चष्म्याजवळ नेलं, आणि मिशीचं डावं टोक दोन पट्ट्यांमध्ये सापडलं. गंमत अशी, की एवढ्या खटाटोपात पूर्णपणे सरळ झालं ते तेवढंच.

"आधी प्लग काढा," बाई म्हणाल्या.

मग त्यांनी हातातला छोटा आरसा मागे धरून मोठ्या आरशात पाहिलं. त्या रडल्या नाहीत, रागावल्याही नाहीत. त्यांनी डोक्याला ओढणी गुंडाळली आणि म्हणाल्या, "चला." नापास मुलाच्या आईला भेटायला बोलावताना त्यांचा हाच आवाज असे.

दोन गल्ल्या सोडून एक पार्लर होतं. एकच खुर्ची, एकच आरसा आणि ते चालवणारी एकच बडबडी, चटपटीत बाई. तिला सगळे पार्लरवाली ताई म्हणत. तिनं ओढणी सोडली, खुंटांवरून बोट फिरवलं आणि डॉक्टरीणबाईंसारखा श्वास सोडला.

"काकू, हे कोणी केलं?"

"झालं," बाई म्हणाल्या. त्यांनी सावधानरावांकडे पाहिलं नाही. सावधानराव मिशीवर हात ठेवून दाराजवळच्या स्टुलावर बसले होते.

"ओल्या केसांवर सरलक फिरवलंय."

सावधानरावांचा हात मिशीवरून खाली आला. "काय फिरवलं म्हणालात?"

"सरलक हो, काका. केस सरळ करायचं यंत्र. त्याला केशसरलक म्हणतात, पण एवढं मोठं कोण म्हणणार सारखं? आमच्याकडची सगळी गिऱ्हाइकं सरलकच म्हणतात आता." आणि तिनं हातातल्या कंगव्यानं आरशाकडे दाखवलं. आरशाच्या कोपऱ्यात, चिकटपट्टीनं चारी बाजूंनी पक्कं केलेलं, सावधानरावांचं पत्रक होतं. ओळींखाली रेघा होत्या. समासात पेन्सिलीनं अर्थ लिहिले होते, शुष्क म्हणजे कोरडे, तप्तपट्टिका म्हणजे तापलेली पट्टी.

ताई सांगू लागली. धंदा सुरू केला तेव्हा तिनंही दोघीतिघींचे केस जाळले होते. मग एक दिवस रिकामी बसली असताना हा कागद वाचायला घेतला. अर्धे शब्द कळेनात, तेव्हा रोज संध्याकाळी सासऱ्यांना विचारून अर्थ लिहून घेतले. आधी घरात सगळे हसले. पण कागद पाठ झाला तसे केस जळायचे थांबले. "हे बघा," ती म्हणाली आणि एकेका ओळीवर कंगवा टेकवत वाचू लागली. तिसरी, केस ओले असताना वापरू नये. पाचवी, सर्वाधिक उष्णतेवर सुरुवात करू नये. सहावी, एका वेळी बोटभर रुंदीचीच बट घ्यावी. नववी, यंत्र चालू असताना फोनवर बोलू नये. अकरावी, कागद, कापड यांवर ठेवू नये. चौदावी, चेहऱ्याजवळ नेऊ नये. "ज्यानं कोणी हे केलंय ना काकू, त्यानं बसून एकेक सूचना मोडलीय. क्रमानं."

सावधानराव हळूहळू उभे राहिले होते. बावीस वर्षं ज्या आवाजासाठी कान आसुसले होते तो हा आवाज होता. कोणीतरी आपलं लिहिलेलं वाचत होतं, अडखळत नव्हतं, आपण घडवलेला शब्द भाजी-पाण्याच्या शब्दासारखा वापरत होतं.

"आणि ही शेवटची," ताई म्हणाली. "दुसऱ्या कुठल्याच कंपनीच्या कागदात ही नाही, मी शोधलंय." तिनं वाचलं, "'अठरा. फारच घाई असल्यास यंत्र वापरू नये. केस कुरळे राहिले म्हणून काही बिघडत नाही. आपली माणसे त्यावरूनच आपल्याला लांबून ओळखतात.' हा माणूस मला एकदा भेटायला हवा. विचारणार आहे, बाबा रे, ही कोणासाठी लिहिलीस?"

सावधानरावांनी तोंड उघडलं. समोर आरशात त्यांना स्वतःचं भाजलेलं बोट दिसलं, आणि मिशीचं डावं टोक, खिळ्यासारखं ताठ. त्यांनी तोंड मिटलं. कुठल्या तोंडानं सांगणार होते?

"काय बाई नशीबवान असेल त्याची बायको," ताई म्हणाली.

"हो ना," बाई म्हणाल्या. "नशीबच म्हणायचं."

त्या आरशातून सावधानरावांकडे बघत होत्या. तीन दिवस न्हाणीघरातून ऐकू आलेला तो शब्द त्यांनाही आठवला असावा. मग ताईला म्हणाल्या, "मागचं आता सरळ नको. पुढचंही पाणी मारून होतं तसं कुरळं करा. खुंट झाकले जातील." कारण व्यवहारी होतं, ताईला पटलं.

फोटो वेळेवर निघाला. चित्रकलेच्या सरांचा या वर्षीही एकच डोळा आला. गेल्या वेळी डावा होता, यंदा उजवा.

संध्याकाळी बाई निबंध तपासायला बसल्या. घंटेच्या निबंधावरच्या दोन तपकिरी पट्ट्यांशेजारी त्यांनी 'ही चूक तुझी नाही' असा शेरा दिला. मग वह्या बाजूला सारल्या आणि यंत्राच्या खोक्यातून तो घडीबंद कागद काढला. सावधानराव पंख्याच्या पत्रकाचा मसुदा लिहीत असल्याचं सोंग करत होते. बाईंनी घडी उलगडली, चष्मा लावला आणि पहिल्या ओळीपासून वाचायला सुरुवात केली.

"सातवी सूचना," बऱ्याच वेळानं त्या म्हणाल्या. "'ऊष्ण' लिहिलंय. ऱ्हस्व उ हवा."

"कुठे?" सावधानराव उठून आले. खरंच चुकलं होतं. साहेबांच्या, कंपनीच्या, छापखान्याच्या, कोणाच्याच लक्षात न आलेली चूक. बाईंनी तिच्याभोवती लाल गोल केला, आणि सावधानरावांना इतका आनंद झाला की भाजलेलं बोटही ते विसरले.

लाल पेन खाली सरकत अठराव्या सूचनेपाशी थांबलं. बाईंनी ती दोनदा वाचली.

"ही कोणासाठी लिहिली?"

"म्हणजे... ज्यांचे केस कुरळे असतात, अशा सगळ्यांसाठी."

"उत्तर मोघम आहे. अर्धा गुण कापला."

सावधानराव मिशीचं ताठ टोक चाचपू लागले. मग हळूच म्हणाले, "मी फाटकाशी उभा राहायचो ना, तेव्हाची आहे ती."

बाईंनी कापलेल्या अर्ध्या गुणावर काट मारली. चष्मा काढून पुसला, पुन्हा लावला. "आणखी आहेत का?" त्यांनी विचारलं.

"काय?"

"पत्रकं. आणखी कुठे कुठे असलं काही लिहून ठेवलंय, ते बघायला हवं."

सावधानराव स्टुलावर चढले आणि माळ्यावरची जुनी बॅग खाली ओढून आणली. बावीस वर्षांचे मिक्सर, पंप, पंखे आणि इस्त्र्या जमिनीवर पसरल्या. बाईंनी सगळ्यात जुना कागद उचलला, पेनात नवी रिफिल घातली आणि वाचू लागल्या. सावधानराव समोर मांडी घालून बसले, आणि आज आपल्या किती चुका निघतात याची वाट पाहू लागले.