झुल्मिराबाईंच्या यकृतातील शांतता व सुव्यवस्था

शांततेइतकी मौल्यवान गोष्ट जगात नाही, आणि ती राखणाऱ्यांइतकं दुर्लक्षित कुणी नाही. ॲमेझॉनच्या खोऱ्यात, पुरुस नदीकाठी मासळी विकणाऱ्या झुल्मिराबाईंच्या यकृतात अशी शांतता वर्षानुवर्षं नांदत होती. हिपॅटायटिस बी-चे विषाणूही तिथेच नांदत होते. (परस्पर सामंजस्याने.)

"पण मला काही होत नाही," आरोग्य केंद्रात बाई म्हणाल्या.

"तेच तर, मावशी," डॉक्टर इरासिल्दा म्हणाली. "तुमच्या रक्तात लढणाऱ्या पेशी आहेत, तशा त्यांना आवरणाऱ्याही आहेत. नियामक टी पेशी. लढाई पेटली तर यकृतच जळेल, म्हणून त्या आवरतात. तेवढ्यात विषाणू पाय पसरतो."

"म्हणजे आमचा जेनेझियू."

जेनेझियू हा जावई. लग्नाच्या जेवणानंतर झुल्यात आडवा झाला, तो उठलाच नाही. (मासे तळल्याचा वास आला की तेवढा उठे.) बाईंचे दोन्ही मुलगे त्याला हाकलायला टपलेले, बाई आवरत, "घर मोडेल रे." या धोरणामुळे घर शाबूत राहिलं, जावई गुटगुटीत झाला, आणि गुण्यागोविंदाने राहणारं कुटुंब म्हणून शेजारी त्यांचा दाखला देऊ लागले.

त्या दिवशी बाई घरी आल्या, पायरीवर टेकल्या आणि मुलांना म्हणाल्या, "आजपासून मी आवरणार नाही."

कारवाई यशस्वी झाली. जेनेझियू नदीत गेला. पाठोपाठ नदीकडची भिंत, टेबल आणि कालवणाची हंडीही गेली. बाईंना हसू आवरेना. डोळे पुसत त्यांनी घर शोधलं, तर निम्मंच सापडलं. संध्याकाळी जेनेझियू निथळत आत आला. "उघडंच होतं," म्हणाला. (भिंत नसल्याने हे विधान ग्राह्य धरण्यात आलं.)

"पोरी, आवरलं तरी पंचाईत, सोडलं तरी पंचाईत," बाई डॉक्टरला म्हणाल्या.

"म्हणून तर गोळ्या, मावशी. विषाणू घर सोडत नाही, पण त्याचा पसारा थांबतो. आणि घरच्या सगळ्यांना तपासणीला आणा."

"जेनेझियूलाही?"

"त्याला आधी."

जावई ठणठणीत निघाला. त्याला लस टोचली. त्या श्रमाने तो पुन्हा झुल्यात पडला. बाई मात्र गोळी चुकवत नाहीत. परवा त्यांचा तपासणीचा निकाल चांगला आला, तेव्हा त्यांनी बाजारात शेजारणीला धरून गिरकी घेतली.

मग डॉक्टरने साऱ्या वस्तीला तपासणीला बोलावलं. कुणी आलं नाही. कुणालाच काही होत नव्हतं. अशा निरोगी माणसांची संख्या जगात फार मोठी आहे. आपणही त्यातलेच ना?