रोखशेठचा पहिला हप्ता

हार्डवेअरच्या दुकानदाराला सगळी गल्ली रोखशेठ म्हणायची. इतर दुकानांत 'आज रोख, उद्या उधार' अशी पाटी असते. निदान उद्याची आशा तरी असते. रोखशेठनी तीही ठेवली नव्हती. त्यांच्या गल्ल्यामागे पाटी होती, 'आज रोख, उद्याही रोख'. पंचवीस वर्षांत त्यांनी कोणाला एक खिळा उधार दिला नव्हता, की कोणाकडून वाटीभर साखर उसनी आणली नव्हती. माल टेंपोतून उतरला की तिथल्या तिथे पैसे. डॉक्टरची फीसुद्धा ते तपासण्याआधीच टेबलावर ठेवत, त्यामुळे डॉक्टरांना त्यांची नाडी बघताना उगाच ओशाळल्यासारखं व्हायचं.

शेजारचा गाळा टेलरमास्तरांचा. मास्तरांना आता सुईत दोरा ओवता येईना, तेव्हा त्यांनी गाळा विकून लेकीकडे राहायला जायचं ठरवलं.

"शेठ, बाहेर बोलण्याआधी तुम्हाला सांगतोय. नात माझ्याकडे शिकते, तिचं शाळेचं वर्ष संपलं की आम्ही जाणार. आठ महिने आहेत. जमेल?"

जमेल म्हणजे काय! रोखशेठच्या दुकानात वीस फुटी पाइप आडवा करायचा तर गिऱ्हाइकाला रस्त्यात जाऊन उभं राहावं लागे. त्यांनी त्याच तासाला बयाणा मोजून दिला. साठवलेल्या पैशांत दोन तृतीयांश किंमत भागत होती. उरलेल्यासाठी आयुष्यात पहिल्यांदा ते बँकेच्या कर्ज विभागात गेले.

तिथल्या मॅडम त्यांच्या मुलीच्या वयाच्या. त्यांनी संगणकावर काहीतरी टाकलं, पुन्हा टाकलं, चष्मा पुसून पुन्हा टाकलं.

"काका, तुमचा कर्जफेडीचा स्कोअरच दिसत नाही."

"दिसणार कसा? मी कोणाचा पैचाही देणेकरी नाही."

"तीच तर अडचण आहे."

"म्हणजे देणं नाही ही अडचण?"

"घेतलंच नाही, तर फेडता की नाही हे आम्हाला कसं कळणार? कागदावर तुम्ही म्हणजे... नाहीच."

रोखशेठ खुर्चीत जरा पुढे सरकले. आपण आहोत हे निदान डोळ्यांना तरी दिसावं, म्हणून.

मॅडम भल्या होत्या. त्यांनी वाट सुचवली. एखादी छोटी वस्तू हप्त्यावर घ्या, सहा हप्ते वेळच्या वेळी भरा, मग या. दुसऱ्याच दिवशी रोखशेठनी सहा हप्त्यांवर मिक्सर घेतला. घरी तो खोक्यातून काढेनात. परक्याची वस्तू कशी वापरायची? तिसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी जाऊन सगळे पैसे एकरकमी भरून टाकले आणि छाती काढून बँकेत गेले.

"फेडलं! सहा महिन्यांचं काम दोन दिवसांत."

मॅडमनी कपाळाला हात लावला. "काका, हप्ता एकही पडला नाही. खातं बंद. यात मी वरच्यांना दाखवू काय? आता फ्रिज घ्या. आणि माझी शपथ, लवकर फेडू नका."

फ्रिज आला. हप्त्याची तारीख पाच. पैसे खात्यातून आपोआप कापले जाणार होते, पण रोखशेठचा आपोआप या शब्दावर विश्वास नव्हता. ते तीन तारखेपासूनच बँकेच्या बाकावर जाऊन बसत. "कापला का?" असं दर अर्ध्या तासाने विचारत. पाच तारखेला कापला गेला की रखवालदारासकट सगळ्यांना नमस्कार करून निघत. दुकानात तेवढा वेळ बायको बसे. तशी ती रोज दुपारी, शेठ जेवून आडवे झाले की, दोन तास बसायचीच.

चौथ्या हप्त्यापर्यंत सगळं सुरळीत होतं. घात केला तो फोनने. पत्रा कापायच्या आवाजाने शेठचे कान अधू झालेले. त्यांचा फोन कायम स्पीकरवर. दुकानात चार गिऱ्हाइकं उभी असताना एक गोड बाई फोनमधून खणखणीत बोलली, "प्रिय ग्राहक, आपला हप्ता पाच तारखेला देय आहे. कृपया खात्यात पुरेशी रक्कम ठेवावी."

चौघांनी हातातला माल हळूच परत गल्ल्यावर ठेवला.

"फ्रिजचा आहे," शेठ म्हणाले.

"हो हो, फ्रिजचाच असणार," चौघंही एकदम म्हणाले आणि बाहेर पडले.

गल्लीच्या या टोकाला फ्रिजचा असलेला हप्ता मधल्या सलूनपर्यंत घराचा झाला. त्या टोकाच्या बेकरीत पोचेस्तोवर दुकान गहाण पडलं होतं. संध्याकाळी मेहुणा पैशांचं पाकीट घेऊन हजर.

"दाजी, घरात बोलायचं होतं एकदा. आम्ही काय मेलो होतो?"

"अरे, मी पत तयार करतोय!"

"तायडे," मेहुणा बहिणीला हळूच म्हणाला, "ह्यांना झोप नीट लागते ना?"

दुसऱ्या दिवशी रंगाचा टेंपो आलाच नाही. शेठनी ठोक व्यापाऱ्याला फोन लावला.

"आधी पैसे पाठवा शेठ, मग टेंपो सुटेल."

"पंचवीस वर्षं दारात रोख मोजले मी!"

"म्हणून तर भीती. रोज उधारी करणारा हप्ता भरतो त्याचं काही वाटत नाही हो. पण तुमच्यासारखा माणूस हप्त्यावर आला म्हणजे पाणी डोक्यावरून गेलं असणार."

आता रोखशेठ पेटले. दुकान भक्कम आहे हे गल्लीला दाखवायचंच, असा त्यांनी चंग बांधला. भक्कम दुकानदार काय करतो? उधार देतो. त्यांनी आल्यागेल्याला मोठ्याने सांगायला सुरुवात केली, "घेऊन जा! पैशांचं काय, कधीही द्या!"

याने होती नव्हती ती पतही गेली. "बिचारा," बेकरीवाला म्हणाला, "माल मिळेल त्या वाटेने काढतोय."

दुपारी टेलरमास्तर आले. मान खाली, हातातली टेप उगाच गुंडाळत.

"शेठ, राग मानू नका. झेरॉक्सवाला रोख द्यायला तयार आहे. तुमचा शब्द मी मोडणार नाही, पण मला लेकीच्या शेजारीच घर घ्यायचंय. शनिवारपर्यंत काय ते सांगा. नाही जमलं तर बयाणा परत करतो."

"आठ महिने म्हणाला होतात, मास्तर."

"तेव्हा तुम्ही रोखशेठ होतात."

मास्तर गेले. रोखशेठ स्टुलावर मटकन बसले. आयुष्यभर कोणाचं देणं ठेवलं नाही, आणि पहिल्यांदा इमानदारीने चार हप्ते भरले तर दिवाळखोर ठरलो! तेवढ्यात प्लंबर आला. त्याने एल्बो घेतले, दोन नळ घेतले, टेप घेतली.

"राहू दे," शेठ मेलेल्या आवाजात म्हणाले, "पैसे नंतर दे."

"बरं. वहिनींच्या वहीत मांडू ना?"

"कुठल्या वहीत?"

प्लंबरने जीभ चावली. पण हात सवयीने गेलाच होता: पाऊण इंची एल्बोच्या खणात, अगदी तळाशी. तिथून लाल पुठ्ठ्याची जाडजूड वही निघाली. पाठीवर लिहिलं होतं, 'क्रमांक ९'.

शेठनी वही उघडली. प्लंबर, सुतार, सलूनवाला, बेकरीवाला, खुद्द टेलरमास्तर. तारखा, रकमा, आणि प्रत्येकापुढे बारीक अक्षरात शेरे: 'बोलल्याप्रमाणे दिले.' 'चार दिवस उशीर, मुलगी आजारी.' 'ह्याला शंभरच्या वर नको.' जवळजवळ निम्मा धंदा त्या दोन तासांत होत होता, आणि तोही उधारीवर.

बायको चहा घेऊन आली, तशी शेठनी वही पुढे धरली. "हे काय आहे?"

तिने वही पाहिली, प्लंबरकडे एक कटाक्ष टाकला आणि चहा खाली ठेवला. "सापडली होय. मग आता ओरडून घ्या."

"नऊ वह्या! माझ्या दुकानात! किती बुडाले?"

"पंधरा वर्षांत? दोघांचे. एक वारला, दुसरा तुमचा मावसभाऊ."

"आणि तू... तू कधी कोणाकडून...?"

"घेतले की. आमच्या बायकांच्या बचत गटातून बँकेचं कर्ज. अकरा वेळा. मुलीची फी, दुकानाचं नवं शटर, तुमच्या मोतिबिंदूचं ऑपरेशन."

"तू तर म्हणाली होतीस घरखर्चातून वाचवले!"

"वाचवलेच. आधी घेतले, मग वाचवून फेडले."

प्लंबरने एल्बो उचलले आणि चहा न घेताच सटकला.

शुक्रवारी दोघं बँकेत गेले. काखेत नऊ वह्या. मॅडमनी बायकोचा तपशील संगणकावर टाकला आणि चेहरा उजळला.

"काकू! सातशे एक्क्याण्णव! माझासुद्धा एवढा नाही."

"चांगलं असतं का ते?" बायकोने विचारलं.

"असतं का! अकरा कर्जं, एकही हप्ता चुकला नाही. गाळाच तारण ठेवू. विक्रीचे कागद आहेत, या वह्या आहेत. मी आजच वर बोलते."

बोलल्या, आणि शनिवारी सकाळी मंजुरीचं पत्र घेऊन बायको मास्तरांपुढे उभी राहिली. मास्तरांनी पत्र डोळ्यांजवळ नेलं, लांब धरलं, आणि म्हणाले, "वहिनी, तुम्ही घेताय हे आधी सांगायचं ना! मी शनिवार कशाला म्हटलं असतं?"

बँकेत बायको कर्जाच्या कागदांवर सह्या करत असताना रोखशेठनी घसा साफ केला. "मॅडम, सहकर्जदार म्हणून माझं नाव घालायचं का?"

मॅडम अवघडल्या. "घालता येईल काका. पण तुमचे हप्ते चारच झालेत ना... व्याज पाव टक्क्याने वाढेल."

"मग नको," बायको म्हणाली.

शेवटी शेठनी साक्षीदार म्हणून सही केली. गाळा बायकोच्या नावावर झाला.

नातीची शाळा संपली आणि मास्तर लेकीकडे गेले. पुढच्या महिन्याच्या एक तारखेला मधली भिंत पाडून झाली होती आणि वीस फुटी पाइप पहिल्यांदाच दुकानात ऐसपैस आडवे पडले होते. पाडकामाच्या गवंड्याचे पैसे दारातच मोजून देऊन शेठ रिकाम्या गल्ल्यासमोर बसले होते. बायको आली आणि तिने हात पुढे केला.

"काय?"

"गाळ्याचं भाडं. मला पाच तारखेला हप्ता आहे."

शेठनी खिसे चाचपले. इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं. दुकानात कोणी नाही याची खात्री केली आणि जन्मात न उच्चारलेलं वाक्य अगदी हळू आवाजात उच्चारलं.

"चार तारखेला दिले तर चालतील?"

बायकोने क्षणभर त्यांना वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. मग पिशवीतून कोरी करकरीत वही काढली, पहिल्या पानावर त्यांचं नाव लिहिलं आणि पेन ओठावर टेकवून विचार केला.

"तुम्हाला जामीन राहील असं ओळखीचं कोण आहे?" तिने विचारलं.