तिसऱ्या खांबाचा हमाल

नोव्हेंबरातल्या एका बुधवारी माझी बायको सुमन वारली. सतरा दिवसांनी मी शिरूरहून दौंडची एसटी धरली.

मधल्या दिवसांत तिच्या नावाने एक पोस्टकार्ड आलं होतं. ‘शनिवार-रविवार राखून ठेवला आहे. दोन माणसे. सकाळी नऊ. डोक्याला टोपी. उशीर करू नये. देऊळ थांबेल, मी थांबणार नाही. – भागुजी साळवे, रिटायर्ड फिटर.’

सुमन मुलींच्या शाळेत इतिहास शिकवायची. दौंडच्या पलीकडे भीमेकाठी एका गावात पडकं देऊळ आहे आणि ते दाखवणारा एक वल्ली आहे, असं तिला कुणीतरी सांगितलं होतं. तिने परस्पर पत्र लिहून दिवस ठरवून टाकले होते. आता ते रद्द करायला हवे होते. गावात एकच फोन, तोही सरपंचाच्या घरी. पत्रात एकच वाक्य लिहायचं होतं. मी चार वेळा लिहायला बसलो आणि चार वेळा पेनात शाई भरून उठलो. शेवटी म्हटलं, समक्ष जाऊ, सांगू, आणि दुपारच्या गाडीने परत येऊ.

देवळापाशी पोचलो तेव्हा खाकी सदरा घातलेला एक वाळका म्हातारा एका खांबाला कान लावून उभा होता. हातात लांब दांड्याची हातोडी. त्याने खांबावर टकटक केलं, ऐकलं, पुन्हा टकटक केलं आणि डॉक्टरच्या आवाजात म्हणाला, “घसा बसलाय. पाणी मुरतंय आत.” मग माझ्याकडे वळून एकदा डोक्यापासून पायापर्यंत पाहिलं. “नऊ वाजून सात मिन्टं. टोपी घाला.”

मी टोपी घातली. “मामा, मी सुमन कुलकर्णींचा –”

“वळीखलं. चला, मागल्या अंगाला.”

“नाही, मला जरा सांगायचं होतं –”

टक, टक, टक. खांब माझ्यापेक्षा मोठ्याने बोलला.

भागुजीमामांनी दौंडच्या रेल्वे यार्डात बत्तीस वर्षं काढली होती. गाडी येऊन थांबली की चाकांवर हातोडी मारत डब्याखालून जायचं, आवाजावरून तडा ओळखायचा. खणखणला तर गाडी पुढे, बद्द बोलला तर डबा बाजूला. रिटायर झाल्यावर हातोडी घरी घेऊन आले आणि चाकं संपली म्हणून खांब धरले. गावात त्यांना कुणी फिटरमामा म्हणत, कुणी दगडांचे डॉक्टर. त्यांना दोन्ही चाले. फक्त गाइड म्हटलेलं चालत नसे. “गाइड गोष्टी सांगतो. मी चेकिंग करतो.”

त्यांचा पहिला नियम असा, की देऊळ मागून बघायचं. पुढून येणाऱ्याला ते हाताला धरून मागे नेत. “म्होरनं समदीच नटत्यात. मागं बघा, म्हंजी कारागीर कळतो.” मागच्या भिंतीचे दगड खरोखरच एकमेकांत असे बसले होते, की मध्ये पोस्टकार्डाची कडही जाऊ नये. चुना नाही, माती नाही. मामा सांध्यावर नख ओढत म्हणाले, “फिटिंग बघा. आमच्या सायबाला दाखवलं आस्तं, तर राजीनामा दिला आस्ता त्यानं.”

मी विचारलं, कोणत्या राजाने बांधलं?

“राजानं एक बी दगड उचलला न्हाई. उचलणाऱ्याचं नाव इचारा.”

“काय त्याचं नाव?”

“त्येच तर कुणाला म्हाईत न्हाई,” मामा म्हणाले, आणि माझ्याच चुकीमुळे ते हरवलं असावं तसं माझ्याकडे पाहिलं.

मागच्या भिंतीपासून पंधरा पावलांवर एक लिंब होता. तिथे चहा प्यायला बसलो. थर्मास त्यांचा, कप दोन. तिथून मामांनी सहज हात केला. “माझा आजा हितवर यायचा. ह्याच्या फुडं आमच्या मानसाला येऊन देत नव्हते. पालखीच्या दिशी हितं हुभा राहून मागली भित बघायचा. घरी येऊन मला सांगायचा, कोपऱ्यातल्या हत्तीची सोंड कशी हाय. म्हंजी ही बाजू आमच्या घराण्याला पाठ हाय. म्होरली मी नंतर शिकलो.” मग हसले. “मला देवाचं काय न्हाई बरं का. मी जयभीमवाला मानूस. माझं काम दगडासंगट.”

मी पुन्हा तोंड उघडलं. त्यांनी कपातला उरलेला चहा झटकला. “उठा. हमाल बघाया चला.”

हमाल म्हणजे खांब आणि वरची तुळई यांच्या मधला चौकोनी दगड. त्याच्या चारी बाजूंना बुटके, ढेरपोटे यक्ष कोरलेले असतात. दोन्ही हात वर करून छत तोलून धरलेले, डोळे बाहेर आलेले. पुस्तकात त्यांना फार सुंदर नावं आहेत. मामांच्या लेखी ते हमाल. “येवढी शेकड्यानं वर्सं वज्जं डोक्यावर, आन् एक दिवस रजा न्हाई. ह्याची ढेरी बघा. हा युनियनवाला. त्यो पलीकडचा नवा भरती, अजून रडतोय.” मी त्या सतरा दिवसांत पहिल्यांदा हसलो आणि आवाज ऐकून स्वतःच दचकलो. मामांनी तिकडे लक्ष दिलं नाही.

सभामंडपाच्या तिसऱ्या खांबावर हमाल नव्हता. खांबाच्या बोडक्या माथ्यावर रेल्वेच्या जुन्या लाकडी स्लीपरचा तुकडा ठोकून बसवला होता आणि त्यावर ती अगडबंब तुळई टेकली होती. लाकूड एका बाजूने भुग्यासारखं झालं होतं. मामांनी शिडी लावली, वर चढले आणि हातोडी न मारता बोटानेच दाबलं. बोट आत गेलं.

“वाळवी. येता पावसाळा ह्यो टेकू काढणार न्हाई. तुळई आली, की म्होरल्या तीन खांबांना घिऊन येनार. मग दाखवायला निस्ती मागली भित.”

“मग याचा दगड?”

“हाय गावात,” मामा म्हणाले. “उद्या गावात जायाचं हाय.”

त्या दिवशी मी दौंडला लॉजवर उतरलो. दुपारची गाडी केव्हाच गेली होती, आणि सांगायचं ते सांगून झालं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी कळलं, की देवळाचा निम्मा भाग गावात राहतो. शंभर वर्षांत ज्याला जो दगड लागला त्याने तो नेला होता. मामा दर महिन्याला घरोघर जाऊन त्यांचं चेकिंग करत. पिठाच्या गिरणीची पायरी म्हणजे कळसाखालची पाकळी. मामांनी तिच्यावर हातोडी मारली, तर गिरणीवाला आतून ओरडला, “मामा, गिऱ्हाईक दचकतंय!” न्हाव्याच्या दुकानापुढच्या दगडावर अर्धं कमळ होतं. न्हावी अभिमानाने म्हणाला, “माझ्याकडं बसायला कमळ हाय, लक्ष्मीवानी.” मामा म्हणाले, “तुझ्या गिऱ्हाइकाचा बसायचा भाग बगून लक्ष्मी पळाली आसंल.” मागून मागून त्यांनी नऊ दगड परत मिळवले होते. लोक त्यांना टाळत, पण चहा पाजत.

गोदाक्का नावाच्या बाई अंगणात धुणं धूत होत्या. त्यांच्या दगडाच्या कडेला हंसांची ओळ होती, फेसाने माखलेली. मामा पुढे उभे राहिले.

“अक्का, इचार केला का?”

“केला की. न्हाई द्यायचा.”

“अगं, छताचा हाय त्यो. त्येची जागा रिकामी हाय.”

“माझी बी रिकामी हुईल. मग धुणं काय तुमच्या टकुऱ्यावर आपटू?” गोदाक्कांनी साडीचा पिळा खाली ठेवला आणि माझ्याकडे पाहून म्हणाल्या, “पाव्हणं, तुम्हीच सांगा. समद्या गावाचं दगड मागत फिरत्यात. आन् त्यो तिसऱ्या खांबाचा कुणाच्या न्हाणीत हाय, इचारा त्येंना. समद्या गावाला म्हाईत हाय. स्वतःचा द्या आधी, मग माझ्या दारात या.”

मामांनी हातोडी खांद्यावर टाकली आणि चालू लागले. मी मागे.

त्यांच्या घराच्या परसात, पत्र्याच्या न्हाणीला लागून तो दगड होता. चारांपैकी न्हाणीकडचे दोन यक्ष मातीच्या भरावात गाडलेले, दोन उघड्यावर. हात वर, डोळे बाहेर. वरच्या सपाट बाजूला मधोमध पसरट खळगा पडला होता. या एका दगडाला मामांनी हातोडी लावली नाही.

“नदीच्या पुरात देवळातनं निखळून काठाला पडल्याला. बायकुनं, इंदूनं, बगितला आन् म्हणली, धुण्याला ब्येस हाय. तवा मला काय कळत व्हतं? मीच आणला, यार्डातले दोन खलाशी लावून.”

मी दगडाजवळ खाली बसलो.

“इंदू मला तोंडानं कवा बोलली न्हाई. ड्यूटीवरनं दोन दोन दिस आलो न्हाई, तमाशाला गेलो, तिच्या भावाचं लगीन इसरलो – चकार शबुद न्हाई. हितं बसायची आन् माझं खाकी सदरं आपटायची. आवाजावरनं मला कळायचं, आज कितपत हाय. कवा कवा मी रस्त्यावरनंच माघारी फिरायचो.” ते उकिडवे बसले आणि माझा हात धरून खळग्यात ठेवला. “बघा. तीन सूत खोल गेलाय. समदा माझ्यावरचा राग हाय.”

दगड उन्हाने कोमट होता आणि तळहाताखाली साबणाच्या वडीसारखा गुळगुळीत.

“सा वर्सं झाली तिला जाऊन. दोनदा पहार आणली. म्हणलं, आज काढतोच. दोन्ही येळेला कपडं धुऊन उठलो.”

तेव्हा मी सांगितलं. एकच वाक्य होतं, ते बाहेर पडलं. सुमन येणार नाही, ती गेली.

“म्हाईत हाय,” मामा म्हणाले.

“कसं?”

“दोघं येनार व्हता, येकलेच आला. डोकं भादरल्यालं. सांगाया आला व्हता, त्ये बी कळलं.” त्यांनी खळग्यातलं वाळलेलं पान काढून टाकलं. “तुमी सांगितलं आस्तं, तर लगीच माघारी फिरला आस्ता. मग बाईंनी ठरवल्यालं ऱ्हायलं आस्तं.”

थोड्या वेळाने त्यांनी विचारलं, “घरी काय काय तसंच हाय?”

मला एवढा साधा प्रश्न कुणी विचारला नव्हता. मी म्हणालो, जायच्या आदल्या दिवशी तिने धुतलेली साडी. गच्चीवर दोरीला. मी ती काढलेली नाही.

“आजून? उन्हात?” फिटर एकदम जागा झाला. “आवो, रंग उडंल तिचा! पडद्याचं फडकं व्हईल! शिकल्याली मानसं तुमी!”

ते चिडले होते. मी त्यांच्याकडे पाहिलं, मग दगडाकडे. त्यांनीही पाहिलं.

“बरं,” मामा म्हणाले. “तुमी साडी काढा. मी ह्यो काढतो.”

रविवार होता, त्यामुळे माणसं मिळाली. मामांनी पहार स्वतः घातली. दगड निघाला तेव्हा मातीत गाडलेल्या दोन यक्षांनी कितीतरी वर्षांनी उजेड पाहिला आणि त्यांचेही डोळे बाहेरच होते. न्हावी म्हणाला, “मामा, ह्ये तुमच्यावानी दिसत्यात.” ट्रॅक्टरच्या ट्रॉलीतून दगड देवळात गेला. यार्डातल्या जुन्या दोस्तांकडून मामांनी चेनपुली आणि जॅक मागवले. गोदाक्का पदर खोचून बघायला आल्या आणि कपाळाला हात लावून म्हणाल्या, “गेला माझा दगड! आता कोन्त्या तोंडानं न्हाई म्हनू?”

जॅकने तुळई बोटभर वर गेली, स्लीपर निघाला, हमाल आत सरकला. मामा शिडीवरून ओरडत होते, “हळू! हळू! चार सूत डावं!” पण झिजलेल्या बाजूमुळे तुळई कडांवर टेकली आणि मधे फट राहिली. कुणी म्हणालं, वरून सिमेंट थापा. कुणी म्हणालं, दगड उलटा करा, सपाट बाजू वर येईल. मामा म्हणाले, “उलटा केला तर हमाल टकुऱ्यावर हुभा ऱ्हाईल. आन् सिमेंट न्हाई. घासायचं बी न्हाई. पॅकिंग घालू.” त्यांनी शिसं वितळवून खळग्याच्या आकाराचा पत्रा केला, तो बसवला आणि जॅक उतरवला. तुळई करकरली आणि गप्प झाली.

संध्याकाळच्या एसटीने मी शिरूरला आलो आणि गच्चीवर जाऊन साडी काढली.

पुढे मी त्या देवळाला पुष्कळदा गेलो. मामा दर वेळी उशीर झाला म्हणून चिडत, मागून नेत, आणि चहाचे दोनच कप आणत. गोदाक्का सांगत, शेवटपर्यंत ते कपडे नदीवर जाऊन धूत, घरच्या परसात दुसरा दगड त्यांनी कधी टाकला नाही.

मामांना जाऊन आता तीन वर्षं झाली. देऊळ दाखवायला कुणी नाही. सुमनची साडी कपाटात आहे. तुळई जागेवर आहे, आणि तिच्या व हमालाच्या मध्ये तीन सुतांचं शिसं आहे.